एका कान्याचा फरक

९ फेब्रुवारी

बारके,

फोनवर तू मला बोलू देत नाहीस आणि मी बोलायला लागले की रडतेस, म्हणून हे पत्र. कागदाला मध्येच तोंड घालता येत नाही.

आईला जाऊन महिना होत आला. तिची खाट मी अजून हलवलेली नाही. दुकानात जायला लागले. पडद्याच्या कापडाचं काउंटर पुन्हा माझ्याकडेच दिलंय. तागे उलगडायचे, तागे गुंडाळायचे, आणि संध्याकाळपर्यंत बसायचं नाव काढायचं नाही. यंदा नवीन बूट दिलेत, काळे, पुढून निमुळते. गिऱ्हाइकांना आमचे पाय दिसतात म्हणे. माणसं पडदे बघायला येतात की माझे पाय, हे मालकांना कोण विचारणार? पायाचं माझं नेहमीचंच आहे, त्यात नवीन काही नाही.

सांगायचं ते वेगळंच आहे. परवा जिन्यात खालचे शिंपीकाका भेटले. तुला माहीतच आहे, तो माणूस गरजेपेक्षा एक शब्द जास्त बोलत नाही. कात्री हातात तशीच धरून उभे राहिले आणि म्हणाले, वर कोण राहायला आलंय का? कोणी नाही, मी एकटीच असते, म्हटलं. ते जरा घुटमळले.

"नाही, तुझ्या वडिलांची चाल ऐकू येते," म्हणाले.

मी हसण्यावारी नेलं आणि वर आले. बाबांना जाऊन किती वर्षं झाली ते मी तुला सांगायला नको. पण बारके, मलाही ऐकू येते. काकांच्या आधीपासून. कोणाला बोलले नव्हते इतकंच.

आई शेवटी काय बोलली, हे तू मला दोनदा विचारलंस. काही बोलली नाही. झोपेत गेली.

वेळेवर जेवत जा.

तुझी
ताई


१८ फेब्रुवारी

ताई,

तुझं पत्र वर्गात उघडलं. पोरं काना-मात्रा गिरवत होती, मला वाटलं तेवढ्यात वाचून होईल. वाचून झालं आणि मी फळ्याकडे तोंड करून उभी राहिले. पहिलीच्या पोरांना बाई रडतेय की लिहितेय हे कळत नाही, हे एक बरं आहे.

आधी चालीचं. त्या पॅसेजच्या लाकडी पट्ट्या आपल्या लहानपणापासून कुरकुरतात. हवा बदलली की लाकूड आवाज करतं. उंदीर असतील. शिंपीकाकांचं वय झालंय. एवढं सगळं लिहिलं, पण खरं सांगायचं तर मलाही वाचता वाचता ती चाल ऐकू आली. बाबा हॉटेलातून यायचे, दाराशी ते वेटरचे चकचकीत बूट काढायचे, शर्ट खुंटीला, आणि नुसत्या बनियनवर पॅसेजमधून स्वयंपाकघराकडे. डावा पाय टप्प, उजवा घासत, खर्र. आपण अभ्यास करतोय असं दाखवायला पुस्तकं उघडायचो ती त्याच आवाजावर. ती चाल मी कुठेही ओळखीन, पण ती आता कशी ऐकू येईल? तू एकटी राहू नकोस. इकडे ये. तुझे भावजी दोन वेळा म्हणाले, ताईंना घेऊन ये.

आता दुसरं. शेजारच्या काकूंशी माझं फोनवर बोलणं झालं. त्या म्हणाल्या, शेवटी शेवटी आई सारखं काहीतरी पुटपुटत होती. आणि तू मला 'झोपेत गेली' म्हणून सांगतेस. मी लांब होते म्हणून मला ते ऐकायचा हक्क नाही, असं आहे का? असेल तर तसं लिही. मला वाईट वाटेल, पण कळेल तरी.

माझाही उजवा अंगठा हल्ली फळ्यापाशी उभं राहून ठणकतो. आपल्या घरात पायांचं काही खरं नाही.

बारकी


४ मार्च

बारके,

रागावलीस. बरोबर आहे तुझं. सांगते.

मी लपवलं ते तुझ्यापासून नाही, मला स्वतःलाच ते पुन्हा ऐकायचं नव्हतं. आईचं सगळं मी केलं. उठवणं, बसवणं, भरवणं. त्याचा पाढा वाचत नाही, आई होती ती. पण माणसाला आत कुठेतरी वाटतंच की शेवटी एकदा आपल्याकडे बघेल, आपल्याला काहीतरी म्हणेल. मलाही वाटत होतं. लाज वाटते लिहायला.

मी दुपारचं औषध घेऊन पॅसेजमधून येत होते. आई जागी होती. तिची नजर माझ्याकडे नव्हतीच. खाली होती, जमिनीवर. माझ्या मागून कोणीतरी चालत येतंय आणि त्याचे पाय तिला दिसताहेत, अशी. आणि स्वच्छ म्हणाली, "बनियन काढ."

मी विचारलं, काय गं? तर पुन्हा तेच. "बनियन काढ. उशीर करू नकोस." दोन दिवस तेवढंच म्हणत होती. मग तेही नाही.

आठवतंय ना, बाबा आत आले की ती रोज काय म्हणायची? बनियन काढा, भिजत घालायचंय. तेच. तिला बाबा दिसत होते, बारके. आणि बघ, उभा जन्म अहो-जाहो केलं आणि जाताना एकेरीवर आली. ती दोघं तिकडे इतकी जवळ आली होती, आणि मी हातात चमचा धरून मध्ये उभी. मला आईचा राग आला. मरणाऱ्या माणसाचा राग आला मला.

ती गेल्यावर मी ट्रंकेतून बाबांचं एक जुनं बनियन काढलं आणि पॅसेजमधल्या खुंटीला लावलं. का लावलं, विचारू नकोस. तिने मागितलं होतं असं वाटलं. तेव्हापासून ते येतात. मी स्वयंपाकघराकडे निघाले की मागून येतात. टप्प, खर्र. मी थांबले की थांबतात. वळून बघावं तर खुंटीवरचं बनियन तेवढं जरासं हलत असतं. पहिल्यांदा मी घामाने भिजले. आता भीती गेली असं नाही म्हणणार, पण दुकानातून यायला उशीर झाला की मीच घाईने जिना चढते, कोणीतरी वाट बघत असल्यासारखी.

तेव्हा तुझ्याकडे येणं नको. घर सोडून जाववत नाही.

पायाला नव्या बुटाने फोड आला होता, अंगठ्याच्या खाली बाहेर आलेलं हाड आहे ना, तिथे. फुटलाय. चिंधी बांधते. आता तू त्यावरून भाषण देऊ नकोस.

ताई


२९ मार्च

ताई,

हे पत्र बसून वाच. चहा ठेवला असशील तर आधी गॅस बंद कर.

अंगठ्याचं दुखणं वाढलं म्हणून मी हाडांच्या डॉक्टरीणबाईंकडे गेले. अगदी लहान पोर आहे, माझ्या विद्यार्थिनीसारखी दिसते. पाय हातात घेतला, अंगठा इकडेतिकडे वळवून पाहिला आणि म्हणाली, तुम्हाला बनियन आहे.

मी म्हटलं, डॉक्टर, मी पायात मोजे घालते.

ती एवढी हसली की बाहेरची नर्स डोकावली. मग तिने समजावलं. अंगठ्याच्या मुळाशी जे टेंगूळ येतं ना, त्याला इंग्रजीत तसंच काहीसं म्हणतात, आणि आपल्याकडे सगळे ते बनियनच ऐकतात. तिला रोज हाच विनोद ऐकावा लागतो म्हणे. ते वाढलेलं हाड नसतं, सरकलेलं असतं. अंगठा शेजारच्या बोटांकडे कलत जातो आणि त्याच्या मुळाचं हाड बाहेर येतं. मग दुसऱ्या बोटाला जागा उरत नाही, ते बिचारं वाकतं, अंगठ्यावर चढतं, वर भोवरी धरतं. पायाची ठेवण आईबापांकडून येते, आणि निमुळते बूट आणि दिवसभराचं उभं राहणं उरलेलं काम करतं. मी बाबांचं सांगितलं. हॉटेलचे ते टोकदार बूट, आणि चाल. ती म्हणाली, असंच होतं, दुखरी जागा टेकायला नको म्हणून माणूस पावलाच्या बाहेरच्या कडेवर चालतो, पाय घासत नेतो.

माझं अजून थोडक्यात आहे. रुंद बूट, अंगठा आणि बोट यांच्या मध्ये ठेवायला एक मऊ तुकडा, पावलाचे व्यायाम. तेवढ्याने अंगठा सरळ होत नाही, पण दुखणं आवाक्यात राहतं. फार पुढे गेलं तर ऑपरेशन, हाड कापून जागेवर आणायचं. आणि निघताना ती काय म्हणाली ऐक. "घरात अजून कोणाला असेल तर त्यांना सांगा, उशीर करू नका. बनियन काढावं लागतं."

मी दवाखान्याच्या पायऱ्यांवर बसले. लोक बाजूने जात होते.

ताई, आई 'काढ' म्हणाली की 'काढा'? तू लिहिलंयस 'काढ'. मी रोज चाळीस पोरांना घसा फोडून सांगते की एक काना दिला की शब्द बदलतो. आई बाबांवर कितीही चिडली तरी 'तुम्ही गप्प बसा' म्हणायची. 'तू' कधी तोंडातून निघाला नाही. तू म्हणतेस ती मरताना एकेरीवर आली. आली नाही. ती बाबांशी बोलतच नव्हती. 'काढ' आणि 'नकोस' ती या जगात दोघींनाच म्हणायची, तुला आणि मला. आणि मी तिथे नव्हते.

ती खाली बघत होती, असं तूच लिहिलंयस. तुझ्या पायांकडे बघत होती ती.

मागे तिच्या गुडघ्यासाठी तुम्ही डॉक्टरांकडे गेला होतात, काकूही होत्या. त्यांना विचार. आणि पावलांचंही मला काही सुचलंय, पण ते मी सांगणार नाही. शिंपीकाकांना मशीन थांबवून कान देऊन बसायला सांग. आणि तू चाल.

बारकी


६ एप्रिल

बारके,

काकूंना विचारलं. त्या म्हणाल्या, अगंबाई, तुला आईने सांगितलं नाही? तू खाली गाडी बघायला गेली होतीस तेव्हा डॉक्टर आईला म्हणाले होते, मुलीच्या पायाचं बनियन वेळेत काढून घ्या, नाहीतर चालणं कठीण होईल. दोघी जिन्यात हसून हसून खाली बसल्या होत्या म्हणे. तेव्हापासून माझा पाय म्हणजे 'मोठीचं बनियन'. माझ्यामागे दोघींची एवढी थट्टा चालायची आणि मला पत्ता नाही.

मग आईने मला का नाही सांगितलं? काकूंनी तेही सांगितलं. आई म्हणाली होती, आत्ता सांगितलं तर म्हणेल, तुला टाकून मी दवाखान्यात कशी पडू. मी गेल्यावर सांगेन तिला. गेल्यावर कशी सांगणार, हे दोघींच्याही डोक्यात आलं नाही. काकू हे सांगता सांगता हसल्या आणि मग पदर डोळ्याला लावून बसल्या. मीही.

म्हणजे ते माझ्यासाठी होतं. एवढे दिवस मी तिच्यावर रुसून होते, तिची खाट पुसताना तिच्याशी बोलत नव्हते. आणि ती शेवटचा श्वास माझ्या पायावर खर्च करून गेली. मला इतकं हलकं वाटलं आणि इतकं रडू आलं, दोन्ही एकदमच.

मग तुझी परीक्षा दिली. काकांनी मशीन थांबवलं आणि वर बघत बसले. मी पॅसेजमधून या टोकापासून त्या टोकापर्यंत गेले, परत आले, आणि खाली उतरले.

"आले होते," काका म्हणाले.

मीच होते काका, म्हटलं. त्यांनी माझ्या पायांकडे पाहिलं. मशीन सुरू करायला त्यांना बराच वेळ लागला.

म्हणजे सगळं उलगडलं. तू हुशार आहेसच. भूत घालवलंस. पण आता माझं ऐक. ऑपरेशन मी करणार नाही. बाबा खुंटीवर नव्हते, मागूनही येत नव्हते. ते माझ्या पायात आहेत, आणि मी कोणालातरी सांगू, की हे कापून सरळ करा? आई गेली. या घरात दुसरं कोणी चालत नाही, बारके. तेवढीच चाल आहे.

फोडाचं पाणी थांबत नाही. दोन दिवस दुकानाला गेले नाही. पण होईल बरं.

ताई


१४ एप्रिल

ताई,

'होईल बरं' हे बाबाही म्हणायचे. शेवटच्या वर्षी हॉटेलवाल्यांनी त्यांना जेवणाच्या हॉलमधून काढून मागे भांडी पुसायला बसवलं, पाय घासतो म्हणून. गिऱ्हाइकांना बरं दिसत नाही म्हणून. ते तू विसरलीस. ती चाल आपल्याला घरात गोड वाटायची, त्यांना दर पावलाला कळ यायची. तू बाबांना नाही, त्यांच्या दुखण्याला सांभाळून ठेवते आहेस.

काकूंनी मला फोन केला होता. जखमेला वास येतो, पाय घोट्यापर्यंत लाल झालाय, हे तू पत्रात लिहिलं नाहीस. डॉक्टरीणबाईंना मी सांगितलं तर त्या हसल्या नाहीत. म्हणाल्या, आधी जखम बरी करायला हवी, ताबडतोब, नाहीतर बोटावर बेतेल.

मी तुझ्या जागी असते तर मलाही जड गेलं असतं. मला कळत नाही असं समजू नकोस. पण आईचा एकच शब्द उरलाय आणि तो तुझ्यासाठी आहे. मला तर तेवढाही नाही. मला म्हणाली असती ना, तर मी दोन्ही पाय पुढे केले असते.

सुट्टी लागतेय. तिकीट काढलंय. रविवारी पोचते. भांडायचं असेल तर तोंडावर भांड.

बारकी


३ जुलै

बारके,

तू गेल्यावर लगेच लिहायचं ठरवलं होतं. जमलं नाही. हात रिकामे होते, मन नव्हतं.

परवा डॉक्टरांनी उजव्या पायाचा तो ऑपरेशननंतरचा, टाचेवर चालायचा ओबडधोबड बूट कायमचा काढला. फोटोत हाड जागेवर बसलंय, आत दोन स्क्रू दिसतात, शिंपीकाकांना दाखवले तर म्हणाले, टीप चांगली घातलीय. अंगठा समोर बघतोय. मी लहान असतानासुद्धा तो एवढा सरळ नव्हता. सूज अजून काही महिने राहील म्हणे. दुकानात मालकांना सांगितलं, रुंद बूट घालीन नाहीतर काउंटरवर दुसरी बघा. कुरकुरले, पण हो म्हणाले. आणि एक स्टूलही मागितलं. तुझी भांडायची सवय मला लागलीय.

आता जे फोनवर बोलले नाही ते. तू इथे होतीस तेव्हा मी उशीवर पाय ठेवून आईच्या खाटेवर पडलेली असायचे, आणि तू पॅसेजमधून जायचीस. टप्प, आणि मग अगदी हलकं, खर्र. तुझ्याही पायात थोडे आहेत ते. मी डोळे मिटून ऐकत राहायचे. तुला वाटायचं मला झोप लागलीय, म्हणून तू पावलं आणखी हळू टाकायचीस. मी काही बोलले नाही, कारण बोलले असते तर तू नीट चालायला लागली असतीस.

तू गेलीस आणि मी पहिल्यांदा एकटी पॅसेजमधून चालले. टप्प, टप्प. कोण बाई चालतेय असं वाटलं मला. थांबले, वळून पाहिलं. मागे कोणी नव्हतं. खुंटीवरचं बनियन मी त्याच दिवशी धुतलं, वाळवलं आणि ट्रंकेत ठेवलं. आई म्हणाली होती ते सगळं झालं. दुसऱ्या दिवशी जिन्यात शिंपीकाका भेटले, माझ्याकडे बघून पाय बरा ना असं विचारलं, आणि मग खाली बघत म्हणाले, "गेले वाटतं."

हो काका, म्हटलं. आणि जिन्यातच रडले. आईसाठी रडले होते त्यापेक्षा जास्त.

तुझ्यावर राग नाही. पाय वाचला, मी चालते, रात्रीची झोप लागते, ठणका नाही. तू केलंस ते बरोबर केलंस, आईही तेच म्हणाली असती. आता तुझं ऐक. तो मऊ तुकडा रोज घाल, व्यायाम कर, आणि पुढे गेलंच तर माझ्यासारखी अडून बसू नकोस. तुला आईचा शब्द मिळाला नाही म्हणालीस ना? तिने मला दिला तो मी तुला देते. वेळ आली की बनियन काढ. काना न देता सांगते आहे.

डाव्या पायाचं डॉक्टरांनी विचारलं. तो फार दुखत नाही, रुंद बुटात भागेल, असं तेच म्हणाले. मी लगेच, आता राहू दे म्हटलं. त्यांना वाटलं मी घाबरले.

दिवसभर तो नीट पडतो. संध्याकाळी दुकानातून आले, दमले, की जरासा घासतो. अगदी जरासा, खाली काकांना ऐकूही जात नसेल. तेव्हा मी दिवा लावायच्या आधी पॅसेजमधून एक फेरी जास्त मारते.

तुझी
ताई